गणपतराव देशमुखांवर भाषण करायचंय. 'अकरा वेळा आमदार' याच्या पुढं काय सांगावं?

सातरस्ता_सोलापूर:

नमस्कार मंडळी. मुलगी बारावीला आहे. तिच्या कॉलेजात वक्तृत्व स्पर्धा आहे, विषय 'विधिमंडळ गाजवणारे नेते'. बाकीच्या मुलांनी मुख्यमंत्री झालेली मोठी नावं घेतली. हिनं हट्टानं आपल्या जिल्ह्यातले गणपतराव देशमुख घेतले. आता शोधायला बसलो तर सगळीकडं तेच तेच मिळतंय. अकरा वेळा आमदार, एकच पक्ष, एकच मतदारसंघ, एसटीनं प्रवास, साधी राहणी. एवढं दोन मिनिटांत संपतं आणि बोलायचंय आठ मिनिटं.

आम्ही मूळचे अक्कलकोटकडचे, सांगोल्याकडचं फारसं माहीत नाही. माझ्या शंका अशा: आयुष्यातला बराचसा काळ ते विरोधी बाकावर होते, मग त्यांनी नेमकं काम काय केलं आणि कसं? ते कधी हरले का? आणि 'देशात सर्वाधिक वेळा आमदार' असं जे सगळीकडं लिहिलंय ते बिनधास्त बोलावं का? परीक्षक प्राध्यापक आहेत, चुकीचं काही जायला नको.

माणकाठचा:

ताई, मुलीनं नाव फार चांगलं निवडलंय. मी सांगोला तालुक्यातला. हायस्कूलला इतिहास आणि नागरिकशास्त्र शिकवत होतो, आता मुलाकडं जुळे सोलापुरात असतो. शेकापचा, म्हणजे त्यांच्या शेतकरी कामगार पक्षाचा, सभासद मी कधी नव्हतो, पण विधानसभेला मत आबासाहेबांनाच (तालुक्यात गणपतरावांना असंच म्हणतात) देत आलो. हे आधीच सांगतो, म्हणजे माझं बोलणं कुठून येतंय ते तुम्हाला कळेल.

आधी कोरडी माहिती उरकतो. जन्म १० ऑगस्ट १९२६, मूळ गाव मोहोळ तालुक्यातलं पेनूर. वकिलीचं शिक्षण पुण्यात. शंकरराव मोरे, केशवराव जेधे यांच्या विचारानं शेतकरी कामगार पक्षात आले आणि शेवटपर्यंत तिथंच राहिले. सांगोल्यातून पहिल्यांदा निवडून आले १९६२ ला. त्यानंतर १९६७, १९७४, १९७८, १९८०, १९८५, १९९०, १९९९, २००४, २००९ आणि २०१४. मोजून बघा, अकरा भरतात. शेवटची निवडणूक जिंकली तेव्हा वय ८८. ३० जुलै २०२१ ला सोलापुरात गेले.

या यादीत दोन खिंडारं दिसतील, १९७२ आणि १९९५. दोन्ही वेळा ते हरले. १९९५ चा पराभव तर दोनशेपेक्षाही कमी मतांचा. भाषणात हे दोन पराभव जरूर घ्या. लोक फक्त विजय सांगतात आणि त्यामुळं माणूस देव्हाऱ्यात जाऊन बसतो. मतदारांनी दोनदा घरी बसवलं आणि दोन्ही वेळा परत बोलावलं, यातून आमच्या तालुक्याचं आणि त्यांचं नातं जास्त कळतं.

१९७२ ची निवडणूक मार्चमध्ये झाली. बांगलादेशच्या युद्धानंतरचे दिवस, इंदिरा गांधींची लाट, त्यात भले भले वाहून गेले. आणि त्याच वर्षी पावसानं दगा दिला. माणदेशाला दुष्काळ नवा नाही, पण बहात्तरचा वेगळाच होता. मी तेव्हा शाळकरी पोर. आमची आई सरकारनं काढलेल्या दुष्काळी कामावर, खडीकेंद्रावर जायची. मोठा दगड आधी घणानं फोडून द्यायची गडीमाणसं, बायका पायाच्या अंगठ्यानं तुकडा दाबून धरायच्या आणि हातोडीनं बारीक खडी करायच्या. उडालेल्या कपच्यांनी नडगीवर सगळे व्रण. संध्याकाळी मुकादम चौकट लावून ढीग मोजायचा. हजेरीपटावर नाव, त्याच्या पुढं अंगठा, आणि आठवड्याचा पगार वेळेवर येईलच याची खात्री नाही. आम्हा पोरांना केंद्रावर सुकडी मिळायची, ओंजळभर, ती आम्ही खिशात भरून दिवसभर चिमटी चिमटी खायचो. रेशनला मिलो (परदेशातून आलेली तांबडी ज्वारी) यायचा, त्याच्या भाकरीला तांबूस रंग. १९७३ च्या उन्हाळ्यात राज्यात असल्या कामांवर सुमारे ५० लाख माणसं होती. मुलीला हा आकडा सांगू द्या, आणि त्याच्या शेजारी एक बाई खडी फोडताना उभी करायला सांगा. तरच पुढचा भाग कळेल.

कारण त्या दोन वर्षांत मजुरांच्या बायाबापड्यांची भांडणं भांडायला जे रस्त्यावर होते त्यांत शेकाप पुढं होता. पगार उशिरा का, मोजमाप कमी का, काम बंद का केलं, केंद्र गावापासून इतकं लांब का, असले अगदी बारीक प्रश्न. निवडून आलेल्या आमदारांचं निधन झालं आणि १९७४ ला पोटनिवडणूक लागली. सांगोल्यानं आबांना परत पाठवलं. (त्याच वर्षी आपल्याच जिल्ह्यात करमाळ्यालाही पोटनिवडणूक झाली आणि तिथून सुशीलकुमार शिंदे पहिल्यांदा विधानसभेत गेले. जिल्ह्याच्या राजकारणात १९७४ साल मोठंच म्हणायचं.)

आता तुमचा मुख्य प्रश्न: विरोधात राहून केलं काय?

सत्तेच्या बाजूला ते दोनदाच होते. १९७८ ला शरद पवारांच्या पुलोद (पुरोगामी लोकशाही दल) सरकारात मंत्री झाले, ते सरकार फेब्रुवारी १९८० ला बरखास्त झालं. दुसऱ्यांदा १९९९ ला विलासराव देशमुखांच्या सरकारात, आणि २००२ मध्ये शेकापनं पाठिंबा काढला. बाकी सगळी वर्षं समोरच्या बाकावर. तोवर विरोधी पक्षनेते असलेले शेकापचेच दि. बा. पाटील १९७७ ला लोकसभेवर गेल्यावर विधानसभेतलं ते पद आबांकडं आलं. हे फार जणांना ठाऊक नसतं, आणि तुमच्या विषयाला तर हेच नेमकं लागतं.

मी मुलांना नागरिकशास्त्रात विधिमंडळाची आयुधं शिकवायचो तेव्हा उदाहरण आबांचंच द्यायचो. मंत्र्यांच्या हातात फाइल असते, विरोधी आमदाराच्या हातात फक्त नियमांचं पुस्तक. तारांकित प्रश्न टाकला की मंत्र्याला सभागृहात उभं राहून तोंडी उत्तर द्यावं लागतं, आणि त्यावर उपप्रश्न विचारता येतात. उत्तर समाधानकारक नसेल तर अर्धा तास चर्चा मागता येते. तातडीचं काही असेल तर लक्षवेधी सूचना. अर्थसंकल्पात एखाद्या खात्याची मागणी आली की त्यावर कपात सूचना (ही रक्कम कमी करा अशी सूचना) द्यायची, आणि ती देताना आपल्या तालुक्यातल्या बंधाऱ्याचं, पाझर तलावाचं नाव घ्यायचं. मंत्री सभागृहात 'चौकशी करू', 'तपासून घेऊ' म्हणाले की ते हवेत विरत नाही, आश्वासन समितीकडं त्याची नोंद होते. ही समिती म्हणजे सामान्य माणसाला सगळ्यात कमी माहीत असलेली आणि कामाला येणारी गोष्ट. आबांचा नावलौकिक होता तो असा: सभागृह सुरू झाल्यापासून संपेपर्यंत बसून राहणारे, कागद वाचून येणारे, बोलताना आकडे देणारे. पक्षाचे आमदार मोजकेच, तरी ते उभे राहिले की सत्ताधारीही ऐकायचे.

आणि त्यातून तयार झालेली सगळ्यात मोठी गोष्ट म्हणजे रोजगार हमी. इथं श्रेय नीट वाटून द्या. कल्पना वि. स. पागे यांची, ते विधान परिषदेचे सभापती, सर्वोदयी वळणाचे काँग्रेसवाले. आधी तासगाव तालुक्यात करून पाहिली, दुष्काळानं ती राज्यभर गेली, १९७७ ला कायदा झाला आणि २६ जानेवारी १९७९ पासून अमलात आला. मागेल त्याला काम, आणि ते देणं ही सरकारची कायदेशीर जबाबदारी. त्याचा पैसा कुठून यायचा? शहरातल्या नोकरदारांच्या पगारातून कापला जाणारा व्यवसाय कर याच्यासाठीच लावला गेला. आजही पगारपत्रकावर तो दिसतो. कायदा एकट्या काँग्रेसनं केलेला नाही. शेकाप, समाजवादी, कम्युनिस्ट या सगळ्यांनी बाहेर मोर्चे काढले आणि आत मुद्दा लावून धरला म्हणून तो झाला. १९७७ ला म्हणजे त्याच वर्षी आबा विरोधी पक्षनेते होते, हा धागा मुलीनं सोडू नये. देशात २००५ ला ग्रामीण रोजगार हमीचा कायदा आला, त्याच्या आधी अठ्ठावीस वर्षं आपल्याकडं हा होता.

साधेपणावर मात्र एक मिनिटापेक्षा जास्त वेळ घालवू नका. एसटीनं फिरायचे हे खरंच आहे. लाल गाडीत पुढच्या बाजूला 'आमदार' असं रंगवलेलं सीट असतं, त्यावर खरोखर बसणारे आमदार आमच्या पिढीनं पाहिले ते हेच. पण साधं राहणारी माणसं गावोगाव असतात. यांचं मोल कामात आहे.

विक्रमाचं दुसऱ्या कुणी सांगितलं तर बरं, नाहीतर रात्री लिहितो. आता औषधाची वेळ झाली.

अभ्यासिका_पार्करोड:

विक्रमाचं मी सांगते, स्पर्धा परीक्षेसाठी हे पाठच करावं लागलंय. 'देशात सर्वाधिक' असं म्हणू नका. केरळमधले के. एम. मणी पाला या एकाच मतदारसंघातून तेरा वेळा निवडून आले. ओमन चंडी पुथुपल्लीतून बारा वेळा. तमिळनाडूत करुणानिधी तेरा वेळा जिंकले, पण वेगवेगळ्या मतदारसंघांतून. त्यामुळं 'महाराष्ट्रात एकाच मतदारसंघातून, एकाच पक्षाकडून अकरा वेळा' एवढंच म्हणावं. तेही काही कमी नाही, आणि परीक्षकांना बोट ठेवायला जागा उरत नाही.

एक सुचवू का? शेकाप म्हणजे काय हे आमच्या वयाच्या मुलांना माहीतच नसतं. काँग्रेसमधून बाहेर पडलेल्या मोरे-जेध्यांनी १९४७-४८ च्या सुमारास काढलेला पक्ष, लाल बावटा, एकमेकांना 'भाई' म्हणण्याची पद्धत, उद्धवराव पाटील, एन. डी. पाटील, दि. बा. पाटील, कृष्णराव धुळप ही नावं. हे दोन वाक्यांत आलं नाही तर 'एकच पक्ष' या गोष्टीचं वजन ऐकणाऱ्याला कळणार नाही. कारण हा पक्ष वर्षागणिक लहान होत गेला. त्यातले कितीतरी जण, अगदी सुरुवातीला शंकरराव मोरेसुद्धा, काँग्रेसमध्ये परतले. आणि हे राहिले.

यंत्रमाग_पूर्वभाग:

आमच्या धंद्याच्या बाजूनं एक सांगतो. सांगोल्याची शेतकरी सहकारी सूत गिरणी विसरू नका. सोलापूरच्या मोठ्या गिरण्या आमच्या डोळ्यांदेखत गेल्या, लक्ष्मी-विष्णू गेली, नरसिंग गिरजी गेली. हजारो घरांची चूल त्यावर होती. माझे वडील गिरणीत साच्यावर (मागावर) होते, गिरणी थांबल्यावर घरातच दोन माग टाकले आणि आम्ही चादरी-टॉवेलवर आलो. राज्यात सहकारी सूत गिरण्या किती निघाल्या आणि किती बुडाल्या त्याला मोजदाद नाही. अनुदान उचलायचं, यंत्रं आणायची, चार वर्षांत टाळं. त्याच काळात ज्या तालुक्यात कापूस नीट पिकत नाही तिथं गिरणी काढून ती शिस्तीत चालवून दाखवली, आणि नंतर बायकांचीही वेगळी गिरणी उभी केली. सूत घेणाऱ्याला काउंट, म्हणजे धाग्याची जाडी, सगळीकडं एकसारखी लागते, धागा मध्ये तुटला की मागावर वेळ जातो आणि मजुरी बुडते. सांगोल्याच्या सुताला बाजारात मान होता तो या सारखेपणामुळं. राजकारणातला माणूस संस्था चालवतो म्हटलं की आम्हाला भीती वाटते, इथं तशी वाटली नाही.

डाळिंबवाला:

मी सांगोला तालुक्यातलाच, वय ३१, चार एकर डाळिंब. आबांबद्दल आदर आहे, आजोबा त्यांच्याशिवाय कुणाला मत देत नव्हते. पण भाषणात दुसरी बाजूही यावी असं मनापासून वाटतं. पन्नासेक वर्षं एकच आमदार, आणि आमच्या भागात पाण्यासाठी टँकर बघितलेली माझी पिढी आहे. शेजारी माळशिरस बघा, पंढरपूर बघा. कालवे, ऊस, कारखाने. सत्तेतल्या माणसाला मुख्यमंत्र्याकडून सही करून घेता येते, विरोधातल्याला मोर्चा काढावा लागतो. तत्त्व सांभाळलं हे मोठंच, पण त्याची किंमत तालुक्यानं मोजली का? सर, तुम्ही नागरिकशास्त्राचे आहात म्हणून तुम्हालाच विचारतो.

माणकाठचा:

बाळा, प्रश्न रास्त आहे आणि तो आमच्या पारावरही निघायचा. माझं म्हणणं सांगतो.

माळशिरसला नीरेचा कालवा इंग्रजांच्या काळापासूनच्या योजनेचा. पंढरपूरला भीमा आणि वर उजनी. आपल्याकडं माण नदी, ती पावसाळ्यात चार दिवस वाहते आणि मग वाळू. आपल्या गावांना पाणी द्यायचं म्हणजे ते कृष्णेतून उचलून आणायचं, चढावर, टप्प्याटप्प्यानं, विजेवर. सत्तेतला आमदार असता तर हे पाणी दहा-वीस वर्षं आधी आलं असतं असं मला वाटत नाही, कारण आटपाडी, जत, कवठेमहांकाळ इथं सत्तेतलेही आमदार होऊन गेले आणि त्यांचीही शिवारं कोरडीच होती.

१९७६ ला बच्छावत लवादानं कृष्णेचं ५६० टीएमसी (अब्ज घनफूट) पाणी महाराष्ट्राला दिलं. या वाटपाचा फेरविचार २००० सालानंतर होणार होता, म्हणून तोवर आपलं पाणी अडवून वापरात आणायची घाई होती. पण ते पाणी धरणाखालच्या ऊसपट्ट्यालाच मिळणार की वरच्या कोरड्या तालुक्यांनाही, हा खरा झगडा. क्रांतिवीर नागनाथअण्णा नायकवडींनी आटपाडीला तेरा दुष्काळी तालुक्यांची पाणी परिषद भरवायला सुरुवात केली, त्यात आबा होते, भारत पाटणकर होते. मागणी एकच, समन्यायी वाटप. पाण्यावर हक्क नुसता नदीकाठच्याचा नाही, दुष्काळातल्या माणसाचाही आहे. मी तिथं गेलेलो आहे. उन्हात बसलेली माणसं, बायका पोरं काखेला घेऊन, आणि भाषणात टीएमसी, हेक्टर, उपसा टप्पे असलं सगळं. निरक्षर बाई शेजारणीला 'आपल्या वाट्याला किती येतंय' हे समजावून सांगत होती. १९९५ च्या पराभवानंतर आबा आमदार नव्हते, तरी परिषद चालूच राहिली. १९९६ ला कृष्णा खोरे महामंडळ निघालं आणि टेंभूसारख्या पाणी उचलून नेणाऱ्या उपसा योजना मार्गी लागल्या. कराड तालुक्यातल्या टेंभूपासून उचललेलं पाणी शेवटी सांगोल्याच्या शिवेवर आलं. उशिरा आलं, हे तुझं खरं आहे. अजून सगळ्या गावांना पुरत नाही, हेही खरं.

आणि तुझ्या चार एकरांबद्दल. १९९० ला राज्यानं फळबाग लागवड रोजगार हमीला जोडली. म्हणजे शेतकऱ्यानं स्वतःच्या रानात खड्डे घ्यायचे, रोपं लावायची आणि त्याची मजुरी व खर्च सरकारनं द्यायचा. कमी पाण्याचं, हलक्या माळरानाचं पीक म्हणून आपल्याकडं डाळिंब आणि बोर त्यानंतर झपाट्यानं वाढलं. ज्या दुष्काळी कामांवर माझ्या आईनं खडी फोडली, त्या दुष्काळातून पुढं आलेल्या कायद्याच्या आधारानं माझ्या थोरल्या भावानं डाळिंबाचे खड्डे घेतले. आज सोलापूरच्या डाळिंबाला भौगोलिक मानांकन आहे, केगावला डाळिंबाचं राष्ट्रीय संशोधन केंद्र आहे. ही सगळी एकट्या आबांची कमाई नव्हे. पण कारखाना आणला नाही म्हणजे काहीच आणलं नाही, हा हिशेब मला मान्य नाही.

किंमत मोजली का? काही प्रमाणात मोजली. मंत्रालयात अडलेली कामं होती. तरीही सांगतो, फोडाफोडीच्या एकाही हंगामात आमच्या आमदारानं आम्हाला न विचारता पक्ष बदलला नाही. मतदान केंद्रावर ज्याला शिक्का मारला तोच माणूस त्याच झेंड्याखाली पाच वर्षं राहिला. तुझ्या वयाच्या मतदाराला हे किती वेळा मिळालंय ते तूच बघ.

डाळिंबवाला:

सर, आटपाडीच्या परिषदेचं घरात कुणी सांगितलं नव्हतं. फळबागेचं तर आमच्याच सात-बाऱ्यावर आहे, आजोबांनी ९२ ला लावलेली पहिली बाग. पाण्याबद्दल माझं मत तेवढं बदललेलं नाही, पण भाषणात दोन्ही बाजू याव्यात.

सातरस्ता_सोलापूर:

सगळ्यांचे मनापासून आभार. मुलगी शेजारी बसून वाचतेय, वही भरली. ती विचारतेय, २०१९ आणि त्यानंतरचं घ्यायचं का? आणि सुरुवात कुठून करू?

माणकाठचा:

२०१९ ला वयामुळं ते स्वतः उभे राहिले नाहीत. नातू उभा राहिला आणि हजाराच्या आतल्या मतांनी हरला. २०२४ ला दुसरे नातू, डॉ. बाबासाहेब देशमुख, शेकापकडूनच निवडून आले. हे एका वाक्यात घ्यावं, जास्त नको. घराण्यावर बोलायला लागली की विषय विधिमंडळाचा राहत नाही.

सुरुवात जन्मतारखेपासून करू नकोस, पोरी. १९७२ च्या पराभवापासून कर. तिथून खडीकेंद्र, मग ७४, मग ७७ चं विरोधी पक्षनेतेपद आणि रोजगार हमीचा कायदा. एवढ्यात चार मिनिटं जातात. मग आटपाडी आणि पाणी, त्यात डाळिंबवाल्या दादाचा प्रश्न जसाच्या तसा विचार आणि तुला पटेल ते उत्तर दे. सूत गिरणीला अर्धं मिनिट. आयुधांपैकी एकच नीट समजावून सांग, मी म्हणेन आश्वासन समिती, कारण ती बाकी कुणी घेणार नाही.

'आबासाहेब' म्हणायचं की 'भाई गणपतराव' हे तुझ्यावर. तालुक्यात आबासाहेब म्हणतात, पक्षात भाई. लिहून झालं की इथं टाक, तारखा मी बघून देतो.